लॅटिन कुणाच्या वाट्याचं

उत्तर इंग्लंडात हेड्रियनच्या भिंतीजवळ विन्डोलान्डा नावाचं एक रोमन लष्करी ठाणं होतं. तिथल्या ओल्या, हवा न पोचणाऱ्या मातीतून १९७३ पासून लाकडाचे पातळ पापुद्रे निघत आले आहेत. आकारानं पोस्टकार्डाएवढे, आणि त्यांवर शाईनं लिहिलेलं लॅटिन. धान्याचे हिशेब, रजेचे अर्ज, सैनिकांच्या याद्या, कुणीतरी कुणाला मोजे आणि चड्ड्या पाठवल्याची चिठ्ठी. या पसाऱ्यात एका पत्राच्या पाठकोऱ्या बाजूवर व्हर्जिलच्या ‘ईनिड’ महाकाव्याच्या नवव्या सर्गातली एक ओळ उतरवलेली आहे. अक्षर शिकाऊ हाताचं. ओळीच्या शेवटी दुसऱ्याच हातानं काही अक्षरं लिहिली आहेत. तो ‘सेग्निटर’ या शब्दाचा संक्षेप असावा, म्हणजे ‘आळसानं केलंय’ असा शिक्षकाचा शेरा असावा, असं काही अभ्यासकांना वाटतं.

काळ इसवी सन १०० च्या आसपासचा. ठाण्यावर त्या सुमारास बताव्ही लोकांची पलटण होती, ऱ्हाइन नदीच्या मुखाकडून, आजच्या नेदरलँड्समधून आलेली. ठाण्यात कुटुंबं राहत होती. लहान मुलांची पादत्राणंही त्याच मातीत सापडली आहेत. पलटणीच्या प्रमुखाच्या घरातल्या एखाद्या मुलानं ही ओळ गिरवली असावी. म्हणजे लॅटिन बोललं जात होतं त्या काळातही, रोमपासून शेकडो कोस दूर, ज्याच्या आजी-आजोबांची भाषा वेगळी होती अशा एका मुलाला ते गिरवून, पाठ करून, शेरे ऐकून शिकावं लागत होतं.

लॅटिनच्या बाजूनं बोलणारे लोक बहुतेक वेळा सिसेरो आणि सीझरपासून सुरुवात करतात. मला या पोरापासून करावीशी वाटते, कारण शाळेतलं लॅटिन हा माझा विषय आहे, आणि शाळेतलं लॅटिन जवळजवळ नेहमीच परक्या मुलांनी शिकलेलं लॅटिन होतं. आयरिश मठांतली मुलं, पोलंडमधली मुलं, हंगेरीतली मुलं. हंगेरीत तर १८४४ पर्यंत राज्यकारभाराची भाषा लॅटिन होती, आणि तिथल्या एकाही मुलाची ती मातृभाषा नव्हती.

मी स्वतः लॅटिन शाळेत शिकलो नाही. मोठेपणी, नोकरीधंद्याशी काही संबंध नसताना, व्याकरणाचं एक पुस्तक आणि एक कोश घेऊन बसलो आणि मग उठवेना. तेव्हापासून हा प्रश्न माझ्या डोक्यात आहे: हे आजच्या मुलांना शाळेत शिकवावं का? माझं उत्तर ‘हो’ आहे आणि ते मी ठामपणे देतो. पण त्यासाठी जी कारणं नेहमी सांगितली जातात त्यातली बरीचशी मला पटत नाहीत, आणि पडकी कारणं देऊन चांगल्या गोष्टीची बाजू मांडली की त्या गोष्टीचंच नुकसान होतं.

पहिलं कारण असं की लॅटिननं बुद्धीला धार येते, विचारांना शिस्त लागते. या समजुतीची तपासणी शंभर वर्षांपूर्वीच झाली. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ एडवर्ड थॉर्नडाइक यांनी हायस्कूलच्या हजारो विद्यार्थ्यांच्या चाचण्या घेतल्या आणि १९२४ मध्ये निष्कर्ष मांडला की कोणता विषय शिकला यामुळे सर्वसाधारण विचारशक्तीत पडणारा फरक फारच थोडा असतो. हुशार मुलं लॅटिन घेत होती, म्हणून लॅटिननं मुलं हुशार होतात असं दिसत होतं. दुसरं कारण, लॅटिन आलं की तिच्या लेकी-भाषा, म्हणजे फ्रेंच, स्पॅनिश वगैरे, सोप्या जातात. लुडविग हाग आणि एल्स्बेथ श्टेर्न या जर्मन संशोधकांनी २००३ मध्ये यावरचा एक अभ्यास प्रसिद्ध केला. आधी लॅटिन शिकलेले आणि आधी फ्रेंच शिकलेले जर्मनभाषक विद्यार्थी स्पॅनिश शिकायला बसले, तेव्हा फ्रेंचवाल्यांचं स्पॅनिश व्याकरणाच्या दृष्टीनं सरस निघालं. यात आश्चर्य वाटण्यासारखं काही नाही. स्पॅनिश यायला हवी असेल तर स्पॅनिशच शिकावी. इंग्रजी शब्दसंग्रह वाढवायचा तर इंग्रजी पुस्तकं वाचावीत, तेवढ्यासाठी सहा विभक्त्या आणि चार क्रियापदगणांचा वळसा घालायची गरज नाही.

वैद्यक आणि वनस्पतिशास्त्र यांचा दाखलाही दिला जातो. नव्या वनस्पतीचं अधिकृत वर्णन लॅटिनमध्येच हवं हा नियम खरोखर होता, पण १ जानेवारी २०१२ पासून ते इंग्रजीतही चालतं. आणि ११ फेब्रुवारी २०१३ ची गोष्ट तर लॅटिनप्रेमी सगळे सांगतात: पोप सोळावे बेनेडिक्ट यांनी राजीनाम्याची घोषणा लॅटिनमध्ये केली, आणि जोव्हान्ना किर्री या इटालियन वार्ताहर बाईंना शाळेतलं लॅटिन येत असल्यामुळे त्यांनी ती ऐकताक्षणी समजून जगाला बातमी दिली. गोष्ट सुरेख आहे. पण पोप राजीनामा देतील या आशेवर कुणी शाळेचं वेळापत्रक आखत नाही.

मग उरतं काय? माझ्या मते उरतं ते सगळ्यात मोठं आहे: वाचन. मुलाला एक वाक्य पूर्णपणे, तळापर्यंत वाचायला शिकवणारी लॅटिनच्या तोडीची जागा आजच्या शाळेत मला दिसत नाही.

हे नुसतं म्हणून भागणार नाही, एखादं वाक्य घेऊनच दाखवायला हवं. रोमन इतिहासकार टॅसिटसनं इसवी सन ९८ च्या सुमारास आपल्या सासऱ्याचं, अ‍ॅग्रिकोला या रोमन सेनापतीचं, छोटेखानी चरित्र लिहिलं. अ‍ॅग्रिकोलानं ब्रिटनचा उत्तर भाग जिंकत नेला. शेवटच्या मोठ्या लढाईआधी टॅसिटस शत्रूच्या पुढाऱ्याला, कॅल्गॅकसला, बोलायला उभं करतो. भाषण टॅसिटसनंच रचलेलं आहे हे उघड आहे. त्यात रोमनांविषयी कॅल्गॅकस म्हणतो की लुटणं, कत्तल करणं, ओरबाडणं यांना हे लोक खोटं नाव देऊन साम्राज्य म्हणतात. आणि मग येतात हे पाच शब्द: ऊबी सोलितूदिनेम फाकिउन्त, पाकेम आपेल्लान्त.

‘ऊबी’ म्हणजे ‘जिथे’. ‘सोलितूदिनेम’ म्हणजे निर्मनुष्य ओसाडी. शेवटचा ‘एम’ सांगतो की हे कर्म आहे, तिचं कुणीतरी काहीतरी करतंय. कोण, हे अजून कळलेलं नाही. ‘फाकिउन्त’: करतात. कर्ता वेगळा लिहिलेलाच नाही, तो शेवटच्या ‘न्त’मध्ये दडला आहे, अनेकवचनी आणि निनावी. ‘पाकेम’: शांतता, पुन्हा तोच ‘एम’, पुन्हा कर्म. इथे मूल थांबतं. शांततेचं काय करतात? ‘आपेल्लान्त’: म्हणतात, नाव देतात. कशाला शांतता म्हणतात? ते वाक्यात लिहिलेलंच नाही. ‘त्याला’ नाही, ‘आणि’ नाही, ‘पण’ नाही. वाचणाऱ्यानं मागे जाऊन ती ओसाडी उचलायची, स्वल्पविराम ओलांडून आणायची आणि शांततेच्या शेजारी ठेवायची. दोन्ही शब्दांचा शेवट सारखाच, त्यामुळे त्या शेजारी बसतातही नीट. टॅसिटसनं जोड दिलेली नाही, ती वाचणाऱ्याकडून करून घेतली आहे. सत्ता जी लबाडी करते ती डोळ्यांसमोर घडताना दिसते, कारण ती ओळखल्याशिवाय वाक्याचा अर्थच लागत नाही.

बारा वर्षांच्या मुलाला हे समजतं. पहिल्या फेरीत नाही, पण समजतं. आणि समजायला पाच शब्दांवर पंधरा मिनिटं जातात. शाळेतल्या दुसऱ्या कुठल्या तासाला पाच शब्दांसाठी पंधरा मिनिटं मिळतात? आपल्या भाषेत मूल अंदाजानं वाचतं, आणि ते योग्यच आहे. तसं वाचलं नाही तर जगणं अशक्य होईल. आज बोलल्या जाणाऱ्या परक्या भाषा शिकवताना तर ‘सगळं कळलं नाही तरी चालेल, मतितार्थ घ्या’ असंच सांगतात, तेही योग्य. लॅटिनमध्ये मतितार्थावर भागत नाही. विशेषण एका ओळीत आणि त्याचं नाम पुढच्या ओळीत असतं. शेवट जुळवले नाहीत तर ‘भित्रा’ कोण, राजा की घोडा, हे ठरत नाही. शब्दांची जागा हलली तरी अर्थ न हलणं मराठी माणसाला परकं नाही, आपल्याही विभक्त्या हे काम करतात. लॅटिन तेच टोकाला नेतं.

गणितातही अशी काटेकोरपणाची सवय लागते हे मला मान्य आहे. पण गणिताच्या टोकाला माणूस बसलेला नसतो. इथे सगळे शेवट जुळवल्यावर एक माणूस बोलू लागतो, दोन हजार वर्षांपूर्वीचा, आणि मध्ये दुभाषा नसतो.

आता एक कडू गोष्ट. टॅसिटसचं ते वाक्य एकोणिसाव्या शतकातल्या ब्रिटिश पब्लिक स्कुलांतल्या, म्हणजे महागड्या खासगी शाळांतल्या, मुलांना माहीत होतं. त्याच मुलांतले बरेच पुढे साम्राज्य चालवायला गेले. हिंदुस्थानातल्या मुलकी सेवेसाठी १८५५ मध्ये पहिली खुली स्पर्धा परीक्षा झाली, तिच्यात लॅटिनला ७५० गुण होते, ग्रीकला ७५०, आणि संस्कृतला ३७५, अरबीला ३७५. ज्यांच्यावर राज्य करायचं त्यांच्या अभिजात भाषांना, ज्यांचं अनुकरण करायचं त्यांच्या भाषांच्या बरोबर निम्मं मोल. ‘ओसाडी’ आणि ‘शांतता’ यांचे शेवट त्या तरुणांनी अचूक जुळवले असणार. त्यानं त्यांचा हात थांबला नाही. म्हणून लॅटिननं माणूस चांगला होतो असं मी कधीच म्हणणार नाही. माणूस वाचायला शिकतो, एवढंच म्हणेन. वाचलेल्याचं काय करायचं हे त्या त्या माणसाच्या आणि त्याच्या काळाच्या हातात.

शिवाय लॅटिनचा मोठा उपयोग शतकानुशतकं कुंपण म्हणून झाला. कुठल्या मुलाला आत घ्यायचं आणि कुणाला बाहेर ठेवायचं हे लॅटिन येण्या-न येण्यावर ठरायचं. मुलींना ते सहसा शिकवत नसत. ऑक्सफर्ड आणि केंब्रिजनं प्रवेशासाठी लॅटिनची सक्ती १९६० मध्ये उठवली. तोवर तिथे रसायनशास्त्र शिकू पाहणाऱ्यालाही आधी लॅटिनची पायरी चढावी लागे, आणि ज्या शाळांत लॅटिन नव्हतं त्या शाळांतल्या मुलांसाठी ते दार व्यवहारात बंदच होतं. ज्यांना हा इतिहास ठाऊक आहे ते लॅटिनचं नाव काढलं की रागावतात. त्यांच्या रागात तथ्य आहे.

पण कुंपणाबाहेर ठेवलेल्यांनी काय केलं, हेही बघायला हवं. मला सगळ्यात जवळची वाटते ती अ‍ॅना ज्युलिया कूपर यांची हकीकत. जन्म १८५८ चा, नॉर्थ कॅरोलायनातल्या रॅली शहरात, गुलाम आईच्या पोटी. म्हणजे जन्मतः त्या स्वतःही कुणाची तरी मालमत्ता. यादवी युद्धानंतर मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयांसाठी तिथे एक शाळा निघाली, तिच्यात त्या लहानपणीच दाखल झाल्या. धर्मोपदेशक होऊ पाहणाऱ्या तरुणांसाठी शाळेनं ग्रीकचा वर्ग सुरू केला, तेव्हा मुलींसाठी असं काहीच नाही ही गोष्ट त्यांना बोचली. त्यांनी मागणी केली आणि त्या वर्गात जागा मिळवली. पुढे ओबर्लिन कॉलेजात ‘मुलींचा’ म्हणून जो हलका अभ्यासक्रम होता तो न घेता पुरुषांसाठी आखलेला, लॅटिन-ग्रीकचा अभ्यासक्रम घेतला आणि १८८४ मध्ये पदवी मिळवली. मग वॉशिंग्टनमधल्या एम स्ट्रीट हायस्कूलमध्ये, कृष्णवर्णीय मुलांच्या सरकारी शाळेत, त्या लॅटिन शिकवू लागल्या आणि १९०२ मध्ये मुख्याध्यापक झाल्या.

तो काळ कृष्णवर्णीयांच्या शिक्षणाविषयीच्या मोठ्या वादाचा होता. कृष्णवर्णीय शिक्षणतज्ज्ञ बुकर टी. वॉशिंग्टन यांचं म्हणणं होतं की आधी हाताला कौशल्य द्या: सुतारकाम, गवंडीकाम, शेती, शिवण. ते स्वतः गुलामगिरीत जन्मले होते आणि आपल्या लोकांची भूक त्यांना ठाऊक होती, त्यामुळे या भूमिकेला मी क्षुद्र म्हणणार नाही. पण गोऱ्या अधिकाऱ्यांना ती फार सोयीची होती. कृष्णवर्णीय मुलांना लॅटिन कशाला, त्यांचा अभ्यासक्रम सोपा करा, असं वरून सुचवलं जाऊ लागलं. कूपरबाईंनी ऐकलं नाही. त्यांनी अभिजात अभ्यासक्रम तसाच ठेवला, आणि त्यांच्या शाळेतली मुलं हार्वर्ड, येलसारख्या विद्यापीठांत प्रवेश मिळवू लागली. मग त्यांच्यावर नाना आरोप झाले, आणि १९०६ मध्ये त्यांची मुख्याध्यापक म्हणून फेरनेमणूक झाली नाही. काही वर्षं त्या मिझुरीत शिकवायला गेल्या. १९१० मध्ये त्याच शाळेत परत आल्या, लॅटिनच्या शिक्षिका म्हणून. १९२५ मध्ये, वयाच्या साठीनंतर, पॅरिसच्या सॉर्बोनमधून डॉक्टरेट मिळवली. प्रबंधाचा विषय होता फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळातली फ्रान्सची गुलामगिरीविषयीची भूमिका. १९६४ मध्ये त्या वारल्या तेव्हा त्यांचं वय १०५ होतं.

या बाईंसमोर ‘लॅटिन हा उच्चभ्रूंचा विषय’ हे वाक्य मला म्हणवत नाही. लॅटिन उच्चभ्रूंनी आपल्याकडे ठेवलं होतं, हे खरं. पण गुलामगिरीत जन्मलेल्या एका स्त्रीनं आयुष्यभर झगडून सांगितलं की ते आमच्याही मुलांचं आहे, आणि त्याबद्दल तिला खुर्ची गमवावी लागली. तिनं मागितलेली वस्तू निरुपयोगी आहे असं आज ठरवणं, नेमकं ज्या पिढीत ती सगळ्यांना देणं शक्य झालं त्या पिढीत, याचं मला फार वाईट वाटतं.

अंतोनियो ग्राम्शीचं याच प्रश्नावरचं लेखन मी पुन्हा पुन्हा वाचतो. सार्डिनियातल्या गरीब घरातला हा मार्क्सवादी मुसोलिनीच्या तुरुंगात होता, आणि १९३२ मध्ये त्यानं आपल्या एका वहीत शाळांविषयी लिहिलं. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: लॅटिन-ग्रीक बोलण्यासाठी किंवा नोकरीसाठी शिकवत नसत, एक संपूर्ण संस्कृती, तिची भाषा, तिचा जन्म आणि अंत, हे सगळं मुलानं स्वतःच्या हातांनी उलगडावं आणि त्यात त्याला चिकाटीची सवय लागावी, म्हणून शिकवत. त्या भाषांची जागा पुढे दुसरं काहीतरी घेईल हे त्याला दिसत होतं, आणि ते योग्यही वाटत होतं. पण तेवढं ताकदीचं दुसरं काही उभं करणं सोपं जाणार नाही, असा इशाराही त्यानं दिला. त्याची खरी भीती वेगळी होती. गरिबांच्या मुलांना लवकर धंदेशिक्षणाकडे वळवायचं आणि त्याला लोकशाही म्हणायचं, यानं वर्गभेद कायमचे होतील, असं त्याला वाटत होतं. अभ्यास कष्टाचा असतो, शेतकऱ्याच्या मुलाला तो जास्त जड जातो, म्हणून तो सोपा करून टाकणं ही त्या मुलावर केलेली दया नव्हे, असा त्याचा सूर आहे.

ग्राम्शीची भीती कितपत खरी ठरली हे इंग्लंडात बघता येतं. सक्ती गेली, पाठोपाठ सरकारी शाळांतून लॅटिन गेलं, आणि महागड्या खासगी शाळांत राहिलं. २०२१ मध्ये तिथल्या शिक्षण खात्यानं दिलेले आकडे असे: अकरा ते चौदा वर्षांच्या मुलांना लॅटिन शिकवणाऱ्या सरकारी शाळा २.७ टक्के, खासगी शाळा ४९ टक्के. म्हणजे लॅटिन अभिजनांचं म्हणून काढलं आणि त्यामुळे ते पूर्वीपेक्षा जास्त अभिजनांचं झालं. मग ४० सरकारी शाळांसाठी ४० लाख पौंडांची योजना आली, २०२२ च्या सप्टेंबरात वर्ग सुरू झाले. आणि सरकार बदलल्यावर, डिसेंबर २०२४ मध्ये जाहीर झालं की हे पैसे फेब्रुवारीत, शाळेच्या चालू वर्षाच्या मधोमध बंद होणार. शाळेचं वर्ष तरी पुरं होऊ द्यायचं होतं. गंमत अशी की त्याच हिवाळ्यात इटलीच्या शिक्षणमंत्र्यांनी उलटी घोषणा केली: माध्यमिक शाळेतून १९७७ मध्ये हद्दपार झालेलं लॅटिन, दुसऱ्या वर्षापासून ऐच्छिक म्हणून परत आणणार. ‘ऐच्छिक’ या शब्दाची मला धास्ती वाटते. ज्या घरात लॅटिनची आठवण आहे तिथलं मूल ते निवडेल, आणि ज्या घराला त्याची सर्वांत जास्त गरज आहे तिथे ‘उपयोग काय’ हा प्रश्न विचारला जाईल.

शिकवायचं कसं यावरही लिहिण्यासारखं पुष्कळ आहे, पण एकच गोष्ट सांगतो. १९७० पासून निघालेला केंब्रिजचा लॅटिन अभ्यासक्रम जगभर वापरला जातो. त्याचं पहिलं पुस्तक पोम्पेई या ज्वालामुखीच्या राखेखाली गाडल्या गेलेल्या रोमन शहरात घडतं, काइकिलियस नावाच्या सावकाराच्या घरात. हा माणूस खरा होता. त्याच्या घरातून मेणाच्या पाट्यांवर नोंदलेले देण्याघेण्याचे व्यवहार १८७५ मध्ये सापडले. पुस्तक गोड आहे आणि त्यानं कित्येक मुलांना लॅटिनची गोडी लावली. पण जुन्या आवृत्त्यांत गुलाम फार मजेत दिसतात आणि बायका फार थोड्या दिसतात, अशी टीका झाली. ती बरोबर होती. २०२२ च्या नव्या आवृत्तीत काइकिलियसला मुलगी मिळाली, आणि गुलामगिरीकडे बघण्याचा सूर बदलला. मला हे फार महत्त्वाचं वाटतं. ज्या मुलीची पणजी गुलाम होती तिला ‘गुलाम स्वयंपाकघरात हसतो’ असं वाक्य पहिल्या महिन्यात वाचायला देऊन तुम्ही तिला पुन्हा कुंपणाबाहेर काढता.

आणि खरं तर गोष्टी रचायचीही फारशी गरज नाही, मूळ मजकूर आहेत. पोम्पेईच्या भिंतींवर ‘ईनिड’ची पहिली ओळ लोकांनी पुन्हा पुन्हा खरडलेली आहे. एका धोब्याच्या दुकानाबाहेर तिचं विडंबन आहे: मी शस्त्रं आणि वीर नाही गात, मी धोबी आणि घुबड गातो. विन्डोलान्डाच्या त्याच मातीत क्लॉडिया सेव्हेरा या बाईनं आपल्या मैत्रिणीला, सुल्पिकिया लेपिदिनाला, पाठवलेलं वाढदिवसाचं आमंत्रण आहे. ११ सप्टेंबरला ये, तू आलीस तर माझा दिवस खुलेल, असं लेखनिकाच्या सुबक अक्षरात लिहिलंय. खाली सेव्हेरानं स्वतःच्या वेड्यावाकड्या हातानं चार ओळी जोडल्या आहेत: तुझी वाट बघेन, बहिणी; सांभाळून राहा, बहिणी, माझ्या जिवा. स्त्रीच्या हातचं लॅटिन लेखन म्हणून आज जे शिल्लक आहे त्यातलं हे सगळ्यात जुन्यांपैकी. दोन-तीन महिने शिकलेलं मूल शिक्षकाच्या मदतीनं हे वाचू शकतं. मी ते पहिल्यांदा मूळ लॅटिनमध्ये वाचलं तेव्हा ‘सोरोर’ हा शब्द एवढ्याशा मजकुरात किती वेळा येतो हे बघून गलबललो होतो; त्या दोघी बहुधा सख्ख्या बहिणी नव्हत्या.

माझी मागणी अशी आहे. अकरा ते तेरा या वयात दोन वर्षं, आठवड्याला तीन तास, सगळ्यांना. सरकारी शाळेत आणि खासगी शाळेत सारखंच. शेवटी परीक्षा नको, गुण नकोत, प्रवेशाशी संबंध नको, कारण गुण आले की पुन्हा कुंपण आलं. त्यानंतर ज्याला पुढे जायचं त्यानं जावं. वेळ कुठून आणायचा हा प्रश्न रास्त आहे, आणि मी तो भाषेच्याच तासांतून काढेन. शाळांत भाषेच्या नावाखाली उताऱ्यांवरचे जे साचेबंद प्रश्न सोडवून घेतले जातात, त्यातला काही वेळ खुशाल इकडे वळवावा. फोनवर क्षणात भाषांतर मिळतं, मग हे कशाला, असंही विचारतात. भाषांतर पूर्वीही मिळत होतं, टॅसिटसची भाषांतरं शेकडो वर्षं छापली जात आहेत. ओसाडी उचलून शांततेशेजारी ठेवण्याचं काम मात्र वाचणाऱ्याच्याच डोक्यात व्हावं लागतं, त्याला बदली माणूस चालत नाही.

खरी अडचण शिक्षकांची आहे. दोन वर्षांचा वर्ग घेणाऱ्याला दोन वर्षांपुरतं लॅटिन येऊन भागत नाही. मुलानं ‘असं का?’ विचारलं की त्या उत्तरामागे वाचलेली पानं असावी लागतात. आज इंग्लंडात सरकारी शाळांतले इतिहासाचे आणि इंग्रजीचे शिक्षक नव्यानं लॅटिन शिकून वर्ग घेतात, क्लासिक्स फॉर ऑल ही संस्था २०१० पासून त्यांना शिकवते, आणि ही माणसं आपलं नेहमीचं काम सांभाळून हे करतात. मला त्यांच्याबद्दल अपार आदर आहे. अशा शिक्षकाला चांगला वाचक व्हायला सहज आठ-दहा वर्षं लागतात. त्या काळात त्याला उन्हाळ्याच्या सुट्टीत अभ्यासाला पगार हवा, शंका विचारायला एक जाणता माणूस हवा, आणि आपला वर्ग पुढच्या वर्षी असेल याची खात्री हवी. सरकारांना यावर पैसे खर्चायचेच असतील तर पाठ्यपुस्तकं आणि उद्घाटनं मागे ठेवून आधी या शिक्षकांवर खर्चावेत, आणि ते निदान दहा वर्षांसाठी, लेखी बांधून.